हर्शेलचे तीन

२ ऑक्टोबर, बुधवार

तीन.

दवाखान्यातल्या केंड्राने ही वही दिली. नर्स आहे. पोरगी चांगली, पण बोलते फार. म्हणाली, "व्हर्नाताई, काका पायऱ्या चढून वर आले की रोज विचारायचं, दम किती लागला? शून्य ते दहा. सांगतील तो आकडा लिहायचा. बास."

बास तर बास. पण एका आकड्याला अख्खं पान! उरलेलं कोरं ठेवणं माझ्या जिवावर येतं. म्हणून लिहितेय. सहावीत शाळा सुटली ती सुटली, कोण बघतंय.

सोबत एक कार्डही दिलंय. शून्य – अजिबात नाही. अर्धा – जाणवेल न जाणवेल. तीन – बेताचा. असं करत करत दहा – याहून जास्त नाहीच.

"अर्धा म्हणजे?" हर्शेलने विचारलं. "एकाच नाकपुडीने?"

केंड्रा हसली. मी नाही. लग्नाला तीस वर्षं झाली, तेव्हापासून याचे विनोद ऐकतेय.

३ ऑक्टोबर, गुरुवार

तीन.

रस्त्यापासून घरापर्यंत बावीस पायऱ्या. सासऱ्याने घर बांधलं ते टेकडीच्या अंगावर. गाडी खालीच राहते. हर्शेल सातवीला थांबला. चौदावीला. एकोणिसावीला कठडा धरून उभाच राहिला. ओठ निळे. ऑक्सिजनची बाटली माझ्या खांद्यावर, नळी त्याच्या नाकात, असे आम्ही दोघं चढतो. वर येऊन खुर्चीत पडला आणि बोटं दाखवली – तीन.

तोंडाने सांगायला दम नव्हता!

६ ऑक्टोबर, रविवार

तीन. चर्चमध्ये आता नुसते ओठ हलवतो. पूर्वी सगळ्या बाकांवर त्याचाच आवाज.

९ ऑक्टोबर, बुधवार

डॉक्टरांनी बोलावलं होतं. कोळशाच्या खाणीतली धूळ छातीत बसलीय हे जुनंच. नवीन हे, की यंत्रात फुंकलं तर फार वाईट येतंय. शहरातल्या मोठ्या दवाखान्यात फुफ्फुस बदलून देतात. त्यांच्याकडे कागद पाठवायचे तर या महिन्याचे आकडे सोबत लागतात. तीस तारखेला ठरवू म्हणाले.

डॉक्टर म्हणाले, "यंत्र वेगळंच सांगतं, हे मात्र तीनच सांगतात. रोज तीन म्हणणाऱ्या माणसाची छाती ते का उघडतील?"

मी विचारलं, नाही बदललं तर?

"दोन वर्षं. कमीही."

खिडकीबाहेर एक माणूस ट्रकची काच पुसत होता. पुसून झाली, पुन्हा पुसायला लागला. मी तेच बघत बसले. घरी येऊन बीन्स शिजत घातले, मक्याचा पाव केला. रडू वगैरे आलं नाही. यावं असं काही आहे का, तेही कळलं नाही.

आज तीन.

१४ ऑक्टोबर, सोमवार

तीन. भांडले!

"खोटारड्या, मरशील अशाने!"

"खोटं कुठलं? आहे ते सांगतो."

आर्व्हिल आला होता. हर्शेलच्याच पाळीतला, त्याचीही छाती गेलेली. दोघं ओसरीवर, दोघांच्या दोन बाटल्या फुसफुसत, जशा काही दोन किटल्या चुलीवर ठेवल्यात.

"मी तर दोनच सांगतो," आर्व्हिल म्हणाला. "तुझा नवरा पहिल्यापासून नाजूक, वहिनी."

"तुझा दोन मला माहितीय," हर्शेल म्हणाला. " परवा बूट घालताना झोपलास."

"झोपलो कुठे, आडवा झालो. खाली खाणीत एकदा 'दम लागला' म्हणालं की दुसऱ्या दिवशी वर, अर्ध्या पगारावर, झाडू हातात. आता कोण शिकवणार आम्हाला नवीन?"

हसले दोघं. मग बराच वेळ खोकले. मी आत जाऊन बटाटे सोलले.

१७ ऑक्टोबर, गुरुवार

आज आकडा विचारलाच नाही. कार्ड त्याच्यापुढे धरलं आणि म्हटलं, "तीन राहू दे. दहा म्हणजे काय ते सांग."

त्याने कार्ड हातात घेतलं. मग म्हणाला, "बर्टिस."

बर्टिस म्हणजे त्याचा खाणीतल्या कामाचा जोडीदार. खाणीचं छत कोसळलं तेव्हा दोघंही खाली होते. हर्शेलला काढलं, बर्टिसला नंतर काढलं. एवढंच मला माहीत होतं. बावीस वर्षांत त्याने सांगितलं नाही, मी विचारलं नाही.

"नऊ तास. छातीवर दगड. त्यात हवा कमी. त्याचा श्वास ऐकू येत होता, मग येईना. ते दहा, व्हर्ना. त्याच्यापुढे या पायऱ्या काय? तीन."

कार्डावर लिहिलंय – याहून जास्त नाहीच. त्याने बरोबर वाचलंय. मीच त्याला शिव्या घालत होते.

तीन लिहिले.

१८ ऑक्टोबर, शुक्रवार

केंड्राला फोन केला. सगळं सांगितलं. तिने सगळं लिहून घेतलं. मग म्हणाली, "ताई, मग तुम्हाला दिसतं ते लिहा. कुठे थांबता, किती वेळ."

१९ ऑक्टोबर, शनिवार

सातवी, शंभर मोजेपर्यंत. चौदावी, दीडशे. एकोणिसावी, एकशेदहा. तो म्हणतो तीन.

२२ ऑक्टोबर, मंगळवार

सातवी एकशेवीस. चौदावी एकशेऐंशी. एकोणिसावी शंभर. तो म्हणतो तीन.

तो थांबला की मीही थांबते. एकट्यालाच थांबावं लागतंय असं वाटू नये त्याला. कठड्याला टेकते आणि मनात मोजते. कधीकधी आकडा विसरते, पुन्हा एकपासून.

२५ ऑक्टोबर, शुक्रवार

कपाट आवरलं. खालून त्याचे कामाचे कपडे निघाले. सव्वीस वर्षं हे परसात झटकायचे, मग धुवायचे. झटकले नाहीत तर मशीन बंद पडायचं. दोरीवरच्या चादरी काळ्या, माझं नाक काळं. सवयीने आजही बाहेर नेऊन झटकले. अजून धूळ! संध्याकाळपर्यंत खोकत होते.

टाकून द्यायला हवेत. घडी करून परत ठेवले.

२८ ऑक्टोबर, सोमवार

वर आल्यावर त्याला म्हटलं, "बर्टिसला त्याच्या जागी राहू दे. तो दिवस सोडून सांग. बाकी सगळ्या आयुष्यात बघ, आणि सांग."

हर्शेल खाली रस्त्याकडे बघत राहिला.

"आठ," म्हणाला.

मी आठ लिहिले. पेन्सिलीचं टोक मोडलं. दुसरी आणली आणि नीट लिहिले.

३० ऑक्टोबर, बुधवार

कागद जाणार! केंड्राने वही सगळी वाचली. म्हणाली, "काका, चौदावीला सगळ्यात जास्त वेळ लागतो तुम्हाला. असं का?"

हर्शेल म्हणाला, "सातवी माझी. एकोणिसावी माझी. चौदावीला ही थांबते. उन्हाळ्यापासून. मी आपला हिच्यासाठी उभा राहतो."

केंड्राने कार्ड माझ्यापुढे धरलं. "आणि ताई, तुम्हाला?"

मी म्हटलं, दोन.