जुना डेटा इरेज होईल, ओके?

२२ डिसेंबर, सोमवार. सकाळी ७.१०
कंपनी आजपासून चौदा दिवस बंद. वार्षिक मेंटेनन्स. चाकणची बस नाही, शिफ्ट नाही. ही डायरी कंपनीनेच जानेवारीत दिली होती. आजपर्यंत कोरी. उरलेल्या दहा दिवसांत वापरून टाकायची. वाया घालवणं माझ्या स्वभावात नाही.

संकल्प: रोज पाचला उठणे. (आज सात. ट्रायल रन.) आणि घराला शिस्त लावणे.

बावीस वर्षं क्वालिटीत आहे. सामान लावायच्या जपानी पद्धतीचा आमच्या लाइनवरचा कोऑर्डिनेटर मीच. नियम सोपा: वर्षभर न वापरलेल्या वस्तूला लाल चिठ्ठी लावायची आणि बाहेर काढायची. गेल्या ऑडिटमध्ये आमच्या लाइनचा दुसरा नंबर आला. (लाइन तीन आहेत.) घराकडे मात्र कोणी या नजरेने पाहिलंच नाही. श्रद्धाला तसं सांगितलं. ती म्हणाली, घर चाललंय ना, मग चालू द्या की. बायको असली तरी माणूसच, बदलाला विरोध करणारच. ट्रेनिंगमध्ये यावर स्लाइड आहे.

दुपारी १.१५
श्रद्धा अंगणवाडीत शिकवायला गेलेली, त्यामुळे कामाला वेग आला. सतरा वस्तूंना लाल चिठ्ठी. माझे पळायचे बूट २०१९ पासून वापरलेले नाहीत, पण ते लवकरच लागणार आहेत. वगळले.

किचन ट्रॉलीत, पोह्यांच्या डब्यामागे, मैत्रीचा व्हिडिओ गेम सापडला. हातात धरून खेळायचा, मागे कॅसेट घालायची असते तो. ती सातवीत असताना घेतला होता. आता पोरगी एकवीसची, माणच्या आयटी पार्कात नोकरीला आहे, तिथेच पीजीवर राहते, रविवारी घरी येते. आणि गेम पोह्यांमागे! चुकीच्या जागी चुकीची वस्तू याचं इतकं शुद्ध उदाहरण मला कंपनीतही मिळालेलं नाही.

चार्जिंग फुल होतं. जुन्या वस्तू दणकट असतात.

काढून टाकण्याआधी वस्तू तपासायची, असा नियम आहे. चालू केला. शेतीचा गेम. लाल कौलांचं घर, ओढ्यावर लाकडी पूल, आंब्याची बाग, सात गाई. खेळलेला वेळ ६११ तास ४० मिनिटं. अंगणात एक कुत्रा, त्याचं नाव BANDU. गंमत वाटली. मला घरी बंडू म्हणायचे. म्हणजे आई म्हणायची. ती जाऊन चार वर्षं झाली, आता त्या नावाने कोणी हाक मारत नाही. असो. बंडू तसं कॉमन नाव आहे.

दुसऱ्याचं अर्धवट काम तपासून काय कळणार, म्हणून मी पहिल्यापासून सुरू केला. नाव विचारलं, SALVE QA टाकलं. तपासणाऱ्याचं नाव आणि खातं हवंच. गाजरं पेरली. सेव्ह करताना मशीनने विचारलं, जुना डेटा इरेज होईल, ओके? मशीन असं काहीतरी विचारतच असतं. उत्तर देत बसलो तर लाइन थांबते. ओके दाबलं.

निष्कर्ष: गेम चालू स्थितीत. लाल चिठ्ठी लावून बाल्कनीत ठेवला.

संध्याकाळी ६.००
श्रद्धाने बाल्कनीतून गेम परत आत आणला. चिठ्ठी काढली. चालू केला, बंद केला, परत चालू केला. शेवटी विचारलं, याला कोणी हात लावला होता का. मी म्हणालो, चिठ्ठी लावण्यापुरता. ती मेथी निवडायला बसली. पूर्ण जुडी निवडली. जेवताना मात्र मेथी नव्हती.

२३ डिसेंबर, मंगळवार
उठलो ६.५०. प्रगती.

विचार केला, मैत्रीला आपणच सांगितलेलं बरं. पोरीची लहानपणची आठवण गेली, तिला चार शब्द समजुतीचे सांगू. फोन केला. ती म्हणाली, मी तो गेम नववीतच सोडला, बाबा. मग आवाज बदलला आणि म्हणाली, बाबा, तुम्ही काय केलंत?

गेम श्रद्धाचा आहे म्हणे. पाच वर्षं झाली. अंगणवाडीतून आली की दोन वाजता, जेवून, वीस मिनिटं. मी हिशेब केला. सहाशे अकरा तासांना रोज वीस मिनिटं म्हणजे पाच वर्षं. बरोबर जमतं. मला वाटायचं ती दुपारी पडते.

मैत्री बोलतच होती: आईच्या माहेरी तीन पिढ्यांत कोणाच्या नावावर वाफाभर जमीन नव्हती. दुसऱ्याच्या रानात खुरपत मोठी झाली ती. आंबे लावले तेव्हा आठ दिवस मला फोनवर तेच सांगत होती. मी म्हणालो, अगं, पण ती जमीन काही खरी नाही. मैत्री म्हणाली, बाबा, प्लीज, आता एक शब्द बोलू नका.

तरुण पिढी भावनिक आहे. मी शांत आहे. डेटा जातो तसा परतही येतो.

२४ डिसेंबर, बुधवार
उठलो ७.३०. थंडी.

काळेवाडीत हिंदुरावचं मोबाइल रिपेअरिंगचं दुकान आहे, तिथे कॅसेट घेऊन गेलो. त्याने भिंगातून पाहिली आणि म्हणाला, साहेब, यात सेव्ह करायची जागाच एक. वर दुसरं लिहिलं की खालचं गेलं. मी विचारलं, काढता येईल का. म्हणाला, काय काढणार राव, पाटी पुसून वर नवीन अक्षरं काढलीत. केलं कोणी हे, असंही विचारलं. मी म्हणालो, भाच्याने. मला भाचा नाही, पण दुकानात पाच गिऱ्हाइकं उभी होती. त्यातला एकजण म्हणाला, हल्लीच्या पोरांना वळणच नाही. मीही मान डोलावली.

२५ डिसेंबर, गुरुवार
नवा प्लॅन. जे एकदा बनलं ते पुन्हा बनवता येतं. हे तर आमचं रोजचं काम आहे. मी शेत जसंच्या तसं उभं करणार: घर, पूल, बाग, सात गाई. तिला कळणारही नाही.

सहाशे अकरा तास म्हणजे फार वाटतात. पण ती खेळत होती हौसेने. त्यात वाया जाणारा वेळ किती! ओढ्याकाठी उगाच उभं राहणं वगैरे. मी मोजून केलं तर नव्वद तास. रोज दहा तास धरले तर नऊ दिवस. एक दिवस हातात उरतो.

आज सुट्टी असल्याने श्रद्धा घरीच. सुरुवात उद्या.

२६ डिसेंबर, शुक्रवार
श्रद्धा ९.३० ला गेली. ९.३१ ला पोह्यांमागून गेम काढला.

पहिली गाजरं वाळली होती. पाणी घालायचं असतं, हे कुठे लिहिलेलं नव्हतं. नवीन पेरली. लाकडं तोडली. जोमात काम चालू होतं, तोवर गेममधला मी चक्कर येऊन शेतात पडलो. जास्त काम केलं की पडतो म्हणे. दवाखान्यात नेलं आणि एक दिवस वाया. गेममध्येसुद्धा ओव्हरटाइमला मर्यादा!

दीडपर्यंत: तास चार, गाजरं सहा, गाय नाही. गेम पुसून, जागेवर, त्याच कोनात ठेवला.

२७ डिसेंबर, शनिवार
गेममध्ये एकजण कुत्र्याचं पिल्लू देऊन गेला. नाव विचारलं. जसंच्या तसं, BANDU टाकलं. पिल्लू माझ्याजवळ येत नाही. कुत्र्याचा जीव किती लागलाय ते लाल बदामांत दाखवतात. जुन्या बंडूला दहाचे दहा बदाम होते, ते मी सोमवारी स्वतः पाहिलेत. माझ्याकडे शून्य. हाक मारायचं बटण आहे. अकरा वेळा दाबलं. तो कुंपणाकडे तोंड करून बसून राहिला.

आपल्याच नावाचा कुत्रा आपल्याला ओळख देत नाही. माणसाने काय करावं?

२८ डिसेंबर, रविवार
मैत्री आली. श्रद्धा खाली भाजी आणायला गेली तेव्हा तिला प्रगती दाखवली. तिने पाहिलं आणि तोंडावर ओढणी धरून हसली. मग डोळे पुसले. म्हणाली, बाबा, आंब्याला फळ यायला गेममधली आठ वर्षं लागतात, तुमचा अजून पहिला वसंत चालू आहे. मी म्हणालो, वेग वाढवता येईल. मग तिने स्क्रीनवर वरच्या कोपऱ्यात बोट ठेवलं. तिथे लिहिलं होतं, SALVE QA.

म्हणाली, आईने सोमवारी गेम उघडला तेव्हा तिला पहिल्यांदा हेच दिसलं असेल ना!

हा मुद्दा सुटला होता, कबूल.

म्हणजे हात लावला का असं तिने विचारलं तेव्हा तिला माहीत होतं. आणि मी म्हणालो, चिठ्ठी लावण्यापुरता. आणि रोज दोन वाजता ती डबा सरकवून बघत असणार, आज यांनी किती गाजरं लावली.

मैत्रीने जाताना एवढंच सांगितलं, सरळ सॉरी म्हणा. कुत्र्याचंही तिने सांगितलं. गेम उघडला की श्रद्धा आधी त्यालाच हाक मारायची. मैत्रीशी बोलताना म्हणायची, आज बंडू रुसलाय, आज बंडूला सर्दी. मैत्रीने विचारलं होतं, बाबांचं नाव कुत्र्याला का गं? तर हसून म्हणाली होती, तोंडावर थोडंच म्हणता येतंय!

२९ डिसेंबर, सोमवार
नुसतं सॉरी म्हणजे वरवरचा इलाज. मूळ कारण शोधलं पाहिजे. आमच्याकडे चूक झाली की पाच वेळा ‘का’ विचारतात, पाचव्या ‘का’ला मूळ सापडतं. स्वच्छ कागदावर तक्ता केला:

डेटा का गेला? ओके दाबलं.
ओके का दाबलं? मशीनने विचारलं.
मशीन का चालू केलं? लाल चिठ्ठीची वस्तू होती.
चिठ्ठी का लावली? वस्तूवर मालकाचं नाव नव्हतं.
नाव का नव्हतं?

पाचवं उत्तर मुद्दाम रिकामं ठेवलं. ते संबंधिताने भरायचं. खाली जबाबदार व्यक्तीचा रकाना, तोही रिकामा. कोणाकडे बोट दाखवायचं नाही, ही माझी पद्धत. तक्ता फ्रिजवर मॅग्नेटने लावला. मन हलकं झालं.

३० डिसेंबर, मंगळवार
तक्ता भरून मिळाला. श्रद्धाने माझा पाचवा प्रश्न एक रेघ मारून खोडलाय आणि पुढे निळ्या पेनाने लिहिलंय: घरातल्या माणसाला विचारलं नाही. अंगणवाडीचं अक्षर, गोल आणि सुबक, मुलांना गिरवायला देतात तसं.

जबाबदार व्यक्ती: SALVE QA.

बावीस वर्षांत किती तक्ते तपासले. यात एकही चूक काढता आली नाही.

सॉरी म्हणायला किचनमध्ये गेलो. ती भाकरी थापत होती. अशा वेळी बोललं तर भाकरी फाटते. सिलेंडर संपत आलाय का, असं विचारून परत आलो.

३१ डिसेंबर, बुधवार. दुपारी २.२०
आज मी घरात असताना तिने पहिल्यांदाच माझ्यासमोर गेम काढला. पोह्यांमागून, उघडपणे. खिडकीपाशी बसली. न्यू गेम घेऊन सेव्ह दाबलं. मला बसल्या जागेवरून स्क्रीन दिसत होती. जुना डेटा इरेज होईल, ओके?

तिने वर पाहिलं आणि मला विचारलं, तुमचं शेत आहे यात, पुसू का?

अठरा तासांची मेहनत होती माझी. चौदा गाजरं, एक कोंबडी. तरी तिने विचारलं. पूस म्हणालो. मग त्याच दमात सॉरीही म्हणालो, दोनदा, कारण पहिल्यांदा आवाज फुटला नाही. ती हं म्हणाली आणि ओके दाबलं.

हं म्हणजे नक्की काय, हे कळायला मार्ग नाही.

१ जानेवारी, गुरुवार
(डायरी काल संपली. हे शेवटचं टेलिफोन नंबरचं पान.)
कोरेगावला विजयस्तंभाच्या मानवंदनेला जाऊन आलो. दोघंच. जाताना बसमध्ये तिने गेम खेळला, मी पिशवी धरली. तिने पाणी घालून दाखवलं, सकाळचं सकाळीच घालायचं असतं म्हणे. बोलली म्हणजे विषय मिटला. माझा अंदाज असा की आठवड्याभरात सगळं पूर्वपदावर.

नवीन वर्षाचा संकल्प: पाचला उठणे.

४ जानेवारी, रविवार. दुपारी २.१०
उद्या फर्स्ट शिफ्ट. बस ५.४० ला. डबा, ओळखपत्र, सेफ्टी शूज काढून ठेवले.

दोन वाजता श्रद्धा गेम घेऊन बसली. मी सहज जवळ खुर्ची ओढली. गेममधला तो माणूस पिल्लू घेऊन आला. मला माहीतच होतं आज येणार, दिवस मोजले होते मी. चेहरा साधाच ठेवला. कुत्र्याचं नाव काय, असं विचारलं गेममध्ये. तिचं बोट थांबलं. मी पेपर वर धरला, पण पेपरच्या कडेने दिसत होतं.

शेवटी मीच म्हणालो, जुनंच ठेव की.

ती म्हणाली, जुनं ते गेलं ना, हा कुत्रा दुसरा. रागाने म्हणाली नाही. साधं, भाजी संपली सांगतात तसं. आणि टाइप केलं, MOTI.

मोती लगेच शेपूट हलवत तिच्याकडे आला. पहिल्याच दिवशी अर्धा बदाम. मी म्हणालो, छान नाव आहे, कुत्र्याला शोभतं. तीही हो म्हणाली.

आता ती आत गेलीय. मी इथे बसलोय. आई गेली तेव्हा वाटलं होतं, आता बंडू म्हणणारं कोणी उरलं नाही. पण पाच वर्षं रोज दोन वाजता या खिडकीत कोणीतरी बंडूला हाक मारत होतं, त्याला खायला घालत होतं, तो रुसला तर समजूत काढत होतं. मी तेव्हा लाइनवर पार्ट मोजत होतो. मला कोणी सांगितलं नाही, आणि मीही कधी विचारलं नाही.

ते २२ डिसेंबरला दुपारी संपलं. ओके मीच दाबलं.