घर केवढ्याला पडलं

सोलापूर,
श्रावण, १९७६

प्रिय दाक्षायणी,

टप टप, टप टप, मध्ये एका श्वासाएवढी उसंत, की पुन्हा टप टप. आज सकाळपासून हाच आवाज कानात आहे. आपल्या गच्चीचा कोबा चोपत होते ना, तेव्हाचा. तू आठ-नऊ वर्षांची असशील. बायका दोन रांगा करून समोरासमोर बसायच्या, हातात लाकडी चोपणी, चुन्यावर गुळाचं पाणी शिंपडायचं आणि चोपत चोपत मागं सरकायचं. बसव्वा नावाची एक ठेंगणी बाई कानडी गाणं उचलून द्यायची, बाकीच्या झेलायच्या. तुझी अव्वा त्यांच्यासाठी चहा घेऊन वर गेली ती खाली आलीच नाही. बघतो तर पदर खोचून रांगेत बसलेली, हातात चोपणी. बसव्वा हसून म्हणाली, “मालकीणबाई, मजुरी मागशीला आता!” मी खाली अंगणात उभा राहून त्या ठेक्यात माझी शाळेतली कविता बसवत होतो. दुधनीच्या शाळेत आम्ही पोरं घरी कानडी बोलायचो आणि वर्गात मराठी कविता चालीवर म्हणायचो. अर्थ निम्मा कळायचा, चाल पुरी पाठ. त्या कवितांत घरं फार असायची. चिमणीचं घर, शेतकऱ्याचं घर, चांदण्यातलं घर. पण बाई, त्यातल्या एकालाही हप्ता नव्हता!

तू पत्रात विचारलंस, “अप्पा, आपलं घर शेवटी आपल्याला केवढ्याला पडलं? खरं सांगा.” या महिनाअखेर तुला पुण्याच्या त्या खोली-स्वयंपाकघराचे कागद करायचे आहेत, नाहीतर जागा दुसऱ्याला जाणार. टेलिफोन एक्स्चेंजमधली पक्की नोकरी असून कर्ज देणारे म्हणतात, एकट्या बाईच्या पगारावर भागत नाही, आणखी एखादं घर तारण द्या. आणि तुझ्यामाझ्याकडं मिळून घर म्हणायला एकच, हे. तुझ्या अण्णाला, शिवयोगीला ते मान्य नाही. गेल्या रविवारी तो मोडनिंबहून खास त्यासाठी आला होता. खताचं दुकान दुपारपर्यंत बंद ठेवून आला म्हणजे केवढा राग असेल बघ! “एकट्या बाईला घर कशाला हवंय? मी काय मेलोय? माझ्याकडं राहील की,” म्हणाला. मी म्हटलं, “तुझ्याकडं ती पाहुणी म्हणून राहील.” तर म्हणतो, “अप्पा, तुमच्या कविता ठेवा बाजूला. तिच्यापायी हे घर गहाण पडलं, तर मी हा उंबरा चढणार नाही.” चहा न पिता गेला.

त्याचं सोडू. तू विचारलंस त्याचं उत्तर देतो, आणि गोड करून देत नाही. चादरींच्या पेढीवर पत्रं लिहून मला महिना एकशे साठ मिळायचे. घर बांधायला सोसायटीकडून आठ हजार कर्ज घेतले, सात टक्क्यांनी, वीस वर्षांच्या मुदतीनं. हप्ता बासष्ट रुपये. वीस वर्षांत किती गेले म्हणशील तर चौदा हजार आठशे ऐंशी. म्हणजे एक घर बांधलं आणि जवळजवळ दुसऱ्या घराचे पैसे देऊन आलो. हे कुणीही गुणाकार करून सांगेल. पण त्याच्या पोटात जी गंमत असते ती मला दहा वर्षांनी कळली. दहा वर्षं पुरी झाली त्या दिवशी मी सोसायटीच्या कचेरीत पेढे नेले. निम्मी मुदत सरली म्हणजे निम्मं कर्ज सरलं, असा माझा हिशोब. तिथले बाळासो म्हणून कारकून होते. त्यांनी पेढा तोंडात टाकला, पान उघडलं आणि म्हणाले, “धोंडप्पा, अजून पाच हजार तीनशे चाळीस हायेत की.” मला वाटलं चेष्टा करतायत. मी भांडलो. साडेसात हजारांजवळ भरलेत मी, कुठं गेले? ते शांतपणे दुसरा पेढा घेत म्हणाले, “हप्त्याच्या पंगतीला आधी व्याज बसतं. ते पोटभर जेवून उठलं, की उरलंसुरलं मुद्दलाच्या पानात.” पेढ्याचा डबा परत घरी आणावा असं वाटलं, पण एव्हाना तो रिकामा झाला होता.

म्हणून तुझं सांगतो. पंचवीस हजार, बारा टक्के, वीस वर्षं. तुझा हप्ता पावणेतीनशेचा. पहिल्या महिन्यात त्यातले अडीचशे नुसत्या व्याजाचे, मुद्दल फिटणार पंचवीस रुपये! अख्ख्या मुदतीत सहासष्ट हजार देशील. घाबरलीस? घाबरू नकोस, पुढं वाच. त्या पावणेतीनशेवर दर महिन्याला आणखी पंचवीस टाकलेस, पहिल्यापासून, न चुकता, तर वीसच्या जागी पंधरा वर्षांत सुटशील आणि बारा हजार वाचतील. मी तीन संध्याकाळी बसून काढलंय, पुन्हा पुन्हा तपासलंय. मुदतीआधी जास्त भरलेले घेतात का, आणि ते मुद्दलातच धरतात का, हे सही करण्याआधी लेखी विचार. ‘बघू पुढं’ म्हणाले तर उठून ये.

आणि दुसरी बाजूही तितक्याच खरेपणानं सांगायला हवी. पहिल्या वर्षी ते बासष्ट रुपये म्हणजे डोंगर होता. अव्वानं दोन वर्षं नवं लुगडं घेतलं नाही. शेवटच्या वर्षी तेच बासष्ट किरकोळ वाटत होते. आपल्याच गल्लीत दोन खोल्यांचं भाडं शंभराच्या पुढं गेलं होतं. पगार वाढला, महागाई वाढली, हप्ता बिचारा होता तिथंच राहिला. भाड्यानं राहिलो असतो तर त्याहून जास्त गेले असते आणि हातात भाडेपावत्यांखेरीज काही नसतं. तेव्हा पैशांचं म्हणशील तर घर महाग पडलं, पण परवडलं. मला त्या पैशांचं दुःख नाही.

आपल्याला जे महाग पडलं, ते निराळं आहे. कर्ज देणाऱ्याच्या कुठल्याच कागदात ते नव्हतं, आपणच ते लावून घेतलं. घर बांधून झालं तेव्हा मी घरभरणी ठरवली. श्रावणी सोमवार, मठातल्या स्वामींची पाद्यपूजा, हुग्गी म्हणजे आपली गव्हाची खीर, दुधनी-अक्कलकोटकडचे सगळे पाहुणे. आमंत्रणं करायला म्हणून माझ्या थोरल्या चुलतभावाकडं, तुझ्या कल्लप्पाकाकांकडं गेलो. अव्वा बरोबर होती. कल्लप्पा झोपाळ्यावर बसून सुपारी कातरत होते. भरल्या घरात सगळ्यांसमोर म्हणाले, “धोंडप्पा, स्वामींचं पाऊल कुणाच्या घरात पाडतूस? तुज्या, का सोसायटीच्या? कर्जाच्या घराची कुटं घरभरणी असती व्हय?” सगळे हसले. मीही हसलो, कारण मोठ्यांच्या चेष्टेवर हसायची सवय. अव्वा हसली नाही. घरी येताना टांग्यात तिनं एवढंच सांगितलं, की शेवटचा हप्ता फिटल्यावरच घरभरणी. तोवर घर सोसायटीचं.

तुला माहीत आहे, घरभरणी झाल्याशिवाय आपल्यात पाहुण्याला घरात पान वाढत नाहीत. ती वर्ष-सहा महिन्यांची गोष्ट असते. आपल्याकडं ती वीस वर्षांची झाली. आल्यागेल्याला अव्वा बाहेरच्या कट्ट्यावर बसवायची. तुझी मावशी दुधनीहून यायची, कट्ट्यावर चहा प्यायची आणि संध्याकाळच्या गाडीनं परत. सख्खी बहीण, पण एक रात्र या छताखाली झोपली नाही. तुझ्या मैत्रिणी दारातून हाका मारायच्या. शेजारची निंगव्वा कधीकधी मुद्दाम विचारायची, “सावित्रम्मा, तुमच्या घरात आत काय हाय वो, सोन्याची खाण?” अव्वा हसून विषय बदलायची. भिंतीला खिळा ठोकू द्यायची नाही. भिंत सोसायटीची! माझ्या आईवडिलांचे फोटो वीस वर्षं जमिनीवर भिंतीला टेकून बसले होते, जसे काही त्यांनाही कुणी आत या म्हटलं नव्हतं. शिवयोगीचं लग्न कार्यालयात झालं. जगदेवी नवी नवरी म्हणून आली तेव्हा सुद्धा अव्वानं माप ओलांडायला लावलं नाही. पोर तशीच आत आली, गोंधळून इकडंतिकडं बघत.

मी काही बोललो नाही असं नाही. बोलायचो, पण अव्वाचं म्हणणं एकच, कल्लप्पांना तोंड उघडायला जागा द्यायची नाही. कल्लप्पा एव्हाना ती चेष्टा विसरूनही गेले होते गं! तुझ्या लक्षात असेल, अव्वा आजारी पडली तेव्हा दोन वर्षांचे हप्ते राहिले होते. सिव्हिलमध्ये पलंगावर पडून ती मला घरभरणीला काय काय करायचं ते सांगायची. हुग्गीत खसखस किती, कुणाला आधी बोलवायचं, मावशीला आठ दिवस ठेवून घ्यायचं. मग ती गेली. दोन वर्षांनी मी शेवटचे बासष्ट रुपये भरून घराचे कागद छातीशी धरून आणले. घरात शिरलो. बाकी कुणी नव्हतं. स्वामींकडं जायला पाय उचलला नाही.

हे झालं तुझ्या प्रश्नाचं उत्तर. घर आठ हजारांना पडलं, चौदा हजार आठशे ऐंशीला पडलं, आणि त्यावर एका बाईच्या सगळ्या पाहुण्यांना पडलं. पहिले दोन आकडे मी पुन्हाही देईन. तिसरा मी कुणालाही देणार नाही, आणि तुलाही देऊ देणार नाही! तू लिहिलंस, “फिटेपर्यंत कुणाला बोलावणार नाही, अव्वासारखं.” ते वाक्य वाचून मी पत्र खाली ठेवलं आणि भर दुपारी गच्चीवर जाऊन फेऱ्या घातल्या, इतका राग आला. कर्ज पैशाचं असतं. पैसे देणाऱ्याला पैसे द्यायचे, वेळेवर द्यायचे, जमलं तर वेळेआधी. आपली माणसं त्याला द्यायची नाहीत. किल्ली मिळेल त्या दिवशी दूध उतू घाल. पहिल्या आठवड्यात भिंतीला खिळे ठोक, दहा ठोक, वाकडे ठोक. एक्स्चेंजमधल्या पोरींना जेवायला बोलव. मोठ्यानं हसा, वरचे मजले हलू देत. घर कुणाचं असं कुणी विचारलं तर सांग, माझं आहे, कर्जही माझंच आहे.

आता हे पत्र का लिहितोय ते. परवा मी एकटाच रिक्षा करून तुला कर्ज देणाऱ्यांच्या इथल्या कचेरीत गेलो आणि तुझ्या कर्जासाठी हे घर नजरगहाण देऊन आलो. म्हणजे राहायचं आपण, कागद त्यांच्याकडं. सही अगदी वळणदार आली. तिथून उठलो तो तडक स्वामींकडं. येत्या सोमवारी या घराची घरभरणी आहे, दाक्षायणी. तेवीस वर्षं थांबलेली, आणि मुद्दाम, घर पुन्हा गहाण पडल्यावर. कल्लप्पांना स्वतः जाऊन आमंत्रण दिलं. ऐंशीच्या पुढं गेलेत, कानानं ऐकू येत नाही, म्हणून मोठ्यानं ओरडून सांगितलं, “कर्जाच्या घराची घरभरणी आहे, या!” गल्लीला ऐकू गेलं. ते मान डोलवून म्हणाले, “येतू की, हुग्गी हाय न्हवं?” मावशी उद्याच येतेय, राहायला. तू शनिवारच्या रात्रीच्या गाडीनं नीघ, रजा मिळत नसेल तर भांडून घे. शिवयोगीला पत्र टाकलंय, पण तो येणार नाही हे मी धरून चाललोय. घरची बाई नाही, मुलगा नाही, म्हणून माझी घरभरणी अडत नाही, असं लिहिणार होतो, आणि तेवढ्यात दार वाजलं. पेन तसंच टाकून गेलो, तर दारात जगदेवी. एकटी, कडेवर धाकटं पोर, डोक्यावर बोचकं, मोडनिंबच्या एसटीची धूळ अंगावर. मी विचारलं, “शिवयोगीला सांगून आलीस का बाई?” तर बोचकं खाली ठेवत म्हणते, “सांगूनच आले की, मामा. ते म्हणले, म्या उंबरा चढणार न्हाय. म्या म्हणलं, तुमी नका चढू, म्या चढते. आता माप कुटं ठिवलंय सांगा, आन् हुग्गीचे गहू काढा, सडायला घेते.”

तुझाच, आता गहू शोधायला उठलेला,
अप्पा