परात डावीकडे पडली

वडनेर,
ता. ८ फेब्रुवारी १९८७

चि. माधव यास ताईचे अनेक आशीर्वाद.

इकडे सर्व ठीक. आईचे गुडघे दुखतात, पण तुझ्या लग्नाचा विषय निघाला की ती अंगणात फेऱ्या मारू लागते. शाळेत तपासणी होऊन गेली. साहेबांनी चहा घेतला, वर्ग पाहिलाच नाही. असल्या तपासण्यांवर माझा विश्वास नाही, हे तुला माहीत आहे.

संक्रांतीला तू तुझ्या कामाचं सांगितलंस, ते शेजारच्या रुख्माबाई अजून गावभर सांगतात. "इतकं महागाचं इंजिन बनवाचं अन् मंग बांधून जाळाचं काऊन? उडत तं नाईच म्हणते!" मी तुझ्याच शब्दांत समजावते: रॉकेटचं इंजिन आधी सिमेंटच्या भक्कम चौथऱ्याला जखडतात आणि जमिनीवरच पेटवतात. रेटा किती, दाब किती, कुठे तापतं, कुठे थरथरतं, सगळं बघतात. एकदा आकाशात गेलं की खाली उतरवून पाना फिरवता येत नाही. खोट सापडली तर तुमचे साहेब रागवत नाहीत, बरं झालं इथेच सापडली म्हणतात. रुख्माबाईंना पटत नाही. "तुमचा माधव दुसरंच काही करून राह्यला," म्हणतात. मला तुझ्या कामाची शंका नाही. माझी शंका वेगळी आहे.

एक इंजिन चौथऱ्यावरच फुटलं, ती गोष्ट तू हसत सांगितलीस. म्हणालास, आम्ही सगळे लांब, बंद खोलीत होतो. मग जेवताना म्हणालास, धुराने आठवडाभर खोकला राहिला. बंद खोलीत धूर कुठून आला रे? तेव्हा मी वाढत राहिले आणि बघत राहिले.

ओट्यावर तू दर वेळी भिंत डाव्या हाताला घेऊन बसलास. डावीकडून हळूच हाक मारली, तर तुरीच्या शेंगा सोलतच राहिलास. म्हटलं, लक्ष नसेल. म्हणून दुसऱ्या दिवशी परात पाडली. हो, मुद्दाम. "हातात जीव नाई का तुह्या!" म्हणून आई ओरडली. परात तुझ्या डावीकडे पडली, मांजर पळालं, आई तिकडे वळली, आणि तू दचकून उजवीकडे बघितलंस.

तुला डाव्या कानाने ऐकू येत नाही, माधव.

काल अल्लीपूरहून तुझ्यासाठी ठरलेल्या माणिकचे वडील, महादेवराव, आले होते. साक्षगंधाची तारीख धरायची म्हणतात. चहा घेताना मला विचारलं, "पोरात काही खोट तं नाई न, बाई? तुमच्या शब्दावर पोरगी देऊन राह्यलो." आई लगेच म्हणाली, "सोन्यासारखा आहे माहा पोरगा." मी साखर आणते म्हणून आत गेले. चहात साखर घातलेलीच होती.

तुझ्या भाऊजींबद्दल आपल्या घरात कोणी बोलत नाही. मीही नाही. पण माझ्या साक्षगंधात आपल्या अण्णाजींनीही बाप म्हणून हेच विचारलं होतं, आणि सासरच्या लोकांनी हसून काहीच नाही म्हणून सांगितलं. ह्यांना फिट येते हे त्या घरात सगळ्यांना ठाऊक होतं, मला सोडून. हे एकटेच विहिरीवर पोहायला निघाले, तेव्हा मीच पंचा हातात दिला. पाण्यातच फिट आली आणि हे गेले. ठाऊक असतं तर जाऊ दिलं असतं का रे मी? आजाराचा राग मला कधीच आला नाही. लपवल्याचा येतो, अजून रोज येतो.

उद्या माणिक तुझ्या डाव्या बाजूने चालेल. मागून ट्रक येईल, ती ओरडेल, आणि तू भलतीकडेच बघशील. तिला कळणारही नाही की असं का झालं.

तर तू ये. साक्षगंधाआधी महादेवरावांना आणि माणिकला तोंडाने सांग. ती नाही म्हणाली तर म्हणू दे. तुला रडू आलं तर ताई आहे. तू आला नाहीस तर मी अल्लीपूरची गाडी पकडीन आणि सगळं सांगून येईन. आई जन्मभर माझ्याशी बोलणार नाही, तरी सांगेन.

फाट्यावर तुला घ्यायला मीच येईन. परात आणणार नाही.

तुझ्या उजव्या हाताला उभी राहणारी,
सुलोचनाताई