राहतं घर

३ जानेवारी
आली नोटीस! माझ्या पोलीस पाटीलकीला आव्हान! नागपूरच्या मॅटमध्ये – म्हणजे सरकारी नेमणुकांवरून रडणाऱ्यांच्या कोर्टात – अर्ज केलाय कोणी? आमच्या शेजारच्या पुष्पांजलीने. शेळ्या पाळणाऱ्या प्रेमानंदची बायको! म्हणे लेखी परीक्षेत तिला माझ्यापेक्षा गुण जास्त होते. असतील. पण तोंडीला बसलो तेव्हा साहेबच म्हणाले, "तुम्ही पंजाबराव पाटलांचे का?" तिथेच निकाल लागला. माझा बाप मरेपर्यंत गावचा पोलीस पाटील होता. ही बया काय करणार, शेळ्यांची भांडणं सोडवणार?

५ जानेवारी
वकिलाने कागद नीट वाचून दाखवले. गुणांचं रडगाणं नुसतं तोंडी लावायला. खरा मुद्दा पुढेच: 'गजेंद्र पाटील गावात राहत नाहीत, खामगावला राहतात.' पोलीस पाटील गावचा रहिवासी लागतो, नाहीतर नेमणूक रद्द.
मग? माझं खत-बियाण्यांचं दुकान खामगावात, पोरांची शाळा खामगावात. पण मतदान गावात, घरपट्टी माझ्या नावाने, आई त्याच घरात. आणखी काय पाहिजे? रोज नाल्या हुंगत फिरू? त्यावर श्रद्धा म्हणते, "तिचं खोटं थोडंच आहे!" बायकोच घरभेदी, मग वैरी कशाला हवेत!

११ जानेवारी
मंडळ अधिकारी चोवीस तारखेला घरी येऊन पंचनामा करणार. आईला फोन लावला. म्हटलं, "साहेब आले का सांगजो, पोरगा इथंच राह्यते म्हणून." तिकडे कुकरच्या शिट्ट्या, आणि कुणाचं तरी लेकरू पाढे म्हणत होतं. म्हातारी एकटी, पण घरात जत्रा! मग म्हणाली, "बरं बाबू. मले तुले एक सांगायचं होतं..." तेवढ्यात गिऱ्हाईक आलं. ठेवला. आईचा फोन म्हणजे कीर्तन, संपत नाही.

१२ जानेवारी
पुष्पांजली बारावी पास आहे म्हणे. वा! गावात विद्यापीठच निघालं.

१९ जानेवारी
वकिलाचा सल्ला – घर राहतं दिसलं पाहिजे. एवढ्यासाठी फी घेतो! पिशवी भरली: दोन लुंग्या, दाढीचं सामान, झिजलेल्या चपला. श्रद्धा कोरा साबण टाकत होती. अगं, रोज आंघोळ करणाऱ्याचा साबण कोरा असतो का? न्हाणीतला अर्धा उचलला. ही अक्कल शेळ्यांमागे फिरून येत नाही!

२३ जानेवारी
"आजच जाऊन मांडामांड करा," श्रद्धाचं टुमणं. त्या धुळीत आणि डासांत रात्र कोण काढणार? नळ आठवड्यातून एकदा येतो, तोही धड नाही. सकाळी साहेबांच्या थोडं आधी पोचलं की झालं. दोरीवर लुंगी टाकायला किती वेळ लागतो!

२४ जानेवारी
दाराला कुलूप. कुलपावर कोळ्याचं जाळं. मी बघतच राहिलो, तोवर साहेब मागे येऊन उभे. "चावी, पाटील?"
मी उगाच खिसे चाचपले. माझ्या घराला कुलूप आहे हेच मला माहीत नव्हतं.
शेजारच्या दारातून पुष्पांजली आली. एका हातात आमची चावी, दुसऱ्या हाताने आईला धरलेलं. आई काठीवर. दिवाळी झाल्यावर न्हाणीत पडली, तेव्हापासून यांच्याकडेच आहे. मला कुणी सांगितलं का नाही, म्हणून ओरडणार होतो. मग ते पाढे आठवले, त्या शिट्ट्या आठवल्या.
साहेबांनी आईलाच विचारलं, "आजी, पोरगा इथंच राह्यते का?"
"हाव साहेब," आई म्हणाली. "रोज राह्यते."
पुष्पांजलीने आईकडे पाहिलं. मग चावी माझ्या हातात ठेवली. साहेबांनी लिहून घेतलं.
लाज वाटली. मी पिशवी पाठीमागे धरून उभा होतो.