टेबलाखालच्या दोऱ्या

सर, या हातांनी मी काय काय केलं, ते आधी सांगतो. वडिलांच्या होडीचं सुकाणू. बेटेगावच्या घराच्या खिडक्या, त्यातली एकही पावसाळ्यात फुगून अडकत नाही. मुलीचा पाळणा. औद्योगिक वसाहतीतल्या ओतकामासाठी लाकडी साचे, त्यांत केसभर फरक कुणी काढून दाखवावा. आणि इटलीचं टेबल. हे शेवटचं काम मला कुणी सांगितलं नव्हतं, आणि आज त्याच्यामुळेच सकाळपासून हातात पटाशी धरवत नाही.

तुमचं टेबल माझ्या टेबलाच्या निम्मं होतं. नवापूरच्या शाळेतलं, एक पाय आखूड, त्याखाली चपटा दगड. त्यावर तुम्ही खडूने भूमध्य समुद्र काढलात, राजधान्यांच्या जागी खिळे ठोकलेत आणि मला म्हणालात, "तू दांडीच्या कोळीवाड्यातला ना? दोरा बांधता येत असेल. चल, तह बांध." इटलीच का, असं कुणीतरी विचारलं, तेव्हा खिडकीबाहेर बघत तुम्ही सांगितलंत की तुमचे वडील दुसऱ्या महायुद्धात फौजेबरोबर तिकडे गेले आणि तिथल्याच मातीत राहिले, ते तिथे कशापायी मेले हे तुम्हाला नीट समजून घ्यायचंय. उघड तह लाल दोऱ्याने वरून जायचा, गुप्त तह फळीला भोक पाडून खालून. जर्मनी-ऑस्ट्रियाशी मैत्री वरून. ती चालू असतानाच फ्रान्सला गुपचूप दिलेला शब्द खालून. पहिल्या महायुद्धात त्याच ऑस्ट्रियाची जमीन मिळावी म्हणून लंडनला केलेला करार, जो इटलीच्या संसदेलाही ठाऊक नव्हता, तोही खालून. आम्ही एकेक जण टेबलाखाली रांगत जातो, मान वाकडी करून बघतो, आणि वरचा देश आणि खालचा देश एकच आहे यावर आमचा विश्वास बसत नाही.

मी सगळे तह जाळं विणायच्या गाठीने बांधले होते. दुसरी गाठ मला येतच नव्हती. तुम्ही दोरा ओढून पाहिलात आणि चिडलात. "हे काय केलंस? यातली एकही सुटत नाही! हुकूमशहा येण्यापूर्वीच्या इटलीने बांधलेली प्रत्येक गाठ वेळ आली की सुटेल अशीच होती. सोड सगळं. परत बांध." दुसऱ्या दिवशी माझे वडील होडी लावून तसेच ओल्या कपड्यांत भांडायला आले. "मास्तर, आमच्या पोराची गाठ सुटली तर मासळी जाईल. तुमचा काय जातो?" तुम्ही हसलात, त्यांना स्टूल दिलंत. "खरं आहे. मग एक गाठ तुमचीच ठेवतो." ती रोम ते बर्लिन. दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर हुकूमशहाने केलेला करार, युद्ध कुणी सुरू केलं हे न विचारता साथ द्यायची. वडिलांनी दोऱ्याला थुंकी लावली, गाठ आवळली आणि विचारलं, "मंग? बुडले का दोगं?"

"बुडाले."

"बुडनारच. भर समुद्रात होडीला होडी अशी बांदत नाय कोन."

इटलीने चढाई केलेल्या अबिसिनिया देशावर तुम्ही मला पिवळा रंग लावायला सांगितलात. विषारी वायू वापरणार नाही अशी सही केलेल्या देशाने तिथे विमानांतून तो माणसांवर ओतला. त्या दिवशी कारखान्यांच्या वसाहतीकडून वारा होता, घसा खवखवत होता. खिडक्या लावून घेत तुम्ही म्हणालात, "आपल्याला निदान खिडकी आहे." त्या वाक्याची भीती अजून गेलेली नाही. उग्र वास आला की मी आधी लावायला खिडकी शोधतो.

तुम्ही गेल्यावर, तुम्ही दिलेल्या नकाशांच्या पुस्तकावरून मी हे टेबल केलं. मांडीवर शब्दकोश घेऊन इंग्रजी पुस्तकं वाचली. दहावीनंतर मला कुणी शिकवलं नाही, आणि त्याची मला लाज नाही. आज सकाळी मुलगी ज्या शाळेत शिकवते तिथले अध्यक्ष घरी आले. नव्या सभागृहात टेबल ठेवायचंय म्हणाले. सगळ्या कडांवरून हात फिरवला, खूश झाले. "काय काम आहे हो! फक्त तो पिवळा डाग खरडून काढा. आणि खालून प्लायवूड मारून टाका. पोरांनी वाकून बघायची काय गरज? रोम-बर्लिनची पक्की गाठ आहे, खंबीर नेता कसा असतो ते वरून दिसतंय की."

मी म्हणालो, "खालचं बंद केलं तर टेबल खोटं होतं."

ते हसतच होते. "मुलगी आमच्याकडेच ना तुमची? छान शिकवते. जूनमध्ये कायम करायची यादी काढतोय."

एवढंच. आवाजही चढवला नाही. टेबलाचा सौदा वरून चालला होता, पोरीचं नाव खालून आलं. बायको दारातून म्हणाली, "देऊन टाका ना. घरात चालायला जागा नाय, आन पोरीचं भलं होतंय." तीही चुकीचं बोलत नव्हती.

मी उत्तर दिलं, ते गेले. तेव्हापासून मोबाईल वाजला की आधी शाळेचा नंबर आहे का ते बघतो. मघाशी वाजला तो गॅस सिलिंडरवाल्याचा होता, तरी दोनदा नाव वाचून मगच उचलला. पोरीला आज शाळेत कुणी बोलावलं असेल का? तिला न विचारता मी तिच्या नोकरीचं ठरवून टाकलं. राजधानीत बसून युद्ध जाहीर करणारे असंच करत असतील. दुपारी मी टेबलाखाली जाऊन बसलो. गुडघे वाजले. दोऱ्या सगळ्या जागेवर होत्या. वर येऊन, वडिलांसारखीच बांधलेली रोम-बर्लिनची गाठ ओढून पाहिली. सुटत नाही.

तिची स्कूटी वळणावर ऐकू येतेय. आत आली की ती नेहमी विचारते, "बाबा, आज काय केलंत?" सर, हे पत्र पाठवायला लिहिलेलंच नाही. तिला काय सांगायचं याची तालीम करत होतो, आणि ती अजून जमलेली नाही. पिवळा डाग खरडलेलं, खालून बंद केलेलं टेबल अध्यक्षांनी घ्यायचं आणि तिला कायम करायचं, याला मी नाही म्हणालो. वर दीड लाख रुपये देत होते.