भिंत मऊ होईपर्यंत

प्रिय सूनबाई,

तुझ्या आईचा निरोप मिळाला. हाताचं प्लास्टर निघालं, बोटं हलतात, पण तू कोणाशी बोलत नाहीस, असं कळलं. नको बोलूस. माहेरी गेलेल्या मुलीने बोललंच पाहिजे असा काही कायदा नाही. मी मात्र बोलणार आहे, कारण इथे जो तो तुझ्या वतीने बोलायला लागलाय आणि ते मला ऐकवत नाही.

घरचं म्हणशील तर तुझ्या नवऱ्याने माझ्याशी अबोला धरलाय. एका टेबलावर जेवतो आणि मीठ हवं असलं की खिडकीकडे बघून मागतो. स्वयंपाकघराचं छत पुन्हा गळतंय. समुद्रातून डिंक काढणाऱ्या पाणबुड्यांचं घर, आणि फट बुजवायला त्याचा एक गोळा नाही. शेजारीण हसून गेली. हसू दे.

तू लग्न होऊन आलीस तेव्हा समुद्र म्हणजे तुझ्या लेखी नुसतं खारट पाणी होतं. मी तेव्हा अजून बुडी मारत होते. तुला पहिल्यांदा प्रवाळभिंतीपाशी नेलं तेव्हा आकाशात दोन्ही सूर्य होते. खाली ती अख्खी जांभळी भिंत मळलेल्या कणकेसारखी मऊ पडली होती. तू हात लावलास, तो कोपरापर्यंत आत गेला. मला वाटलं, आता ही किंचाळून वर पळणार. तू दुसराही हात घातलास आणि निळा डिंक झिरपतो तिथपर्यंत वाट करत गेलीस. मागे वाट मिटत होती, बाहेर फक्त तुझी हवेची नळी दिसत होती. वर आल्यावर म्हणालीस, ‘आई, ती आतून कोमट आहे. गुणगुणते.’ मी म्हटलं, ‘गुणगुणू दे. धाकटा सूर्य बुडायच्या आत बाहेर यायचं, नाहीतर तीच भिंत दगड होते.’ आणि तू कधीच उशीर केला नाहीस. हे मी मुद्दाम लिहितेय, कारण इथे लोक म्हणतात की तू हावरटपणाने आत थांबलीस म्हणून अडकलीस. साफ खोटं आहे ते. त्या दिवशी धाकटा सूर्य चांगला वर होता. खोलातून थंड पाण्याचा लोट आला आणि भिंत अवेळी आवळली. तुझी चूक नव्हती, कोणाचीच नव्हती.

वर काय झालं ते तुला कोणी धड सांगितलं नसेल. मुकादमाने घण काढले. सगळ्यात पुढे तुझा नवरा. मी पंपावर होते. नळीतून हवा जात होती, तुझा श्वास मला दांड्यात जाणवत होता. मी म्हटलं, कोणी घण घालायचा नाही. दगड झालेली भिंत फोडली की तडा आतपर्यंत जातो, आणि आधी नळी चिरडते. तो ओरडला, ‘माझी बायको आहे ती.’ मी म्हटलं, ‘आणि ती जिवंत आहे. मला पंपावरून उठवायचं असेल तर हात लावून उठव.’ त्याने हात लावला नाही. घण खाली ठेवला. धाकटा सूर्य बुडाला, मोठा माथ्यावर तळपत राहिला, पण त्याच्या एकट्याने काही ती भिंत मऊ होत नाही. मी दांडा मारत राहिले. धाकटा पुन्हा उगवला, भिंत सैल झाली आणि तुला बाहेर ओढलं. हात पिचला होता. नळीभोवती मात्र भिंतीने बोटभर जागा सोडली होती. का, मला ठाऊक नाही. ती दयाळू आहे असं मी म्हणणार नाही. पण तिला वैरीण म्हणणाऱ्यांच्या सुरात सूरही मिळवणार नाही.

तुझा नवरा म्हणतो, आईने माझ्या बायकोच्या जिवाशी जुगार खेळला. लेक माझा वाईट नाही, भेदरलाय. पण भेदरलेल्या माणसाने दुसऱ्याच्या तोंडून बोलू नये. परवा शेडमध्ये सगळे पाणबुडे जमले आणि त्याने जाहीर केलं, ती आता पाण्यात उतरणार नाही. मुकादमाने लगेच तुझी जागा कोणाला द्यायची ते विचारलं. जणू तू मेलीसच, अशा सगळ्यांनी माना खाली घातल्या. मी उभी राहिले. म्हटलं, तिला तोंड आहे, तिला विचारा. मुकादम म्हणाला, ‘मग आहे कुठे ती?’

हंगामाच्या पहिल्या बुडीला जागा रिकामी राहिली की ती जाते, घरचं कोणी उतरलं तर टिकते. हा नियम त्यांचाच. पहिली बुडी उद्या आहे आणि मी माझं नाव दिलंय. मुकादमाला आधी हसू आलं. मी त्याच्यासमोर पोशाख अंगाला लावून बघितला, तेव्हा ते गेलं. तुझा पोशाख मला कमरेत घट्ट होतो, उसवून घेतलाय, रागावू नकोस. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, खोल गेलात तर उजवा कान जाईल. मी म्हटलं, जाऊ दे, त्या बाजूला मुकादमच बसतो. माझ्यासाठी पंप मारायला कोणी तयार होईना. आज दुपारी तुझा नवरा दारात आला आणि अबोला तेवढ्यापुरता मोडून म्हणाला, ‘मी मारतो. पण मला हे पटलेलं नाही.’ मी म्हटलं, ‘पटू नको देऊस, हात तेवढा थांबवू नकोस.’ परत ये, असं सांगायला मी लिहीत नाही, पोरी. पाण्याचं तोंड बघणार नाही म्हणालीस तरी मी तुझ्याच बाजूची. पण ते ‘नाही’ तू म्हणायचंस, तुझ्या तोंडाने. तोवर तुझी जागा मी कोणाच्या बापाला देत नाही.

तुझीच,
सासू, सध्या तुझ्या बदलीवर