रिकाम्या ड्रमचा सिनेमा

३ मे
आजपासून फिल्म. विषय: बाल्कनीतला पांढरा ड्रम. नळाला दहा दिवसांतून एकदाच पाणी. मग ड्रम रोज उतरत जातो. उन्हात पाण्याची रेषा बाहेरून दिसते. रोज सकाळी दहाला एक फ्रेम. माणूस नाही, संगीत नाही. शेवटी तळ. १२ तारखेच्या दुपारपर्यंत फेस्टिव्हलला फिल्म गेली नाही, तर बिडकीनच्या कंपनीत रुजू व्हायचं, असं पप्पांनी बजावलं. मी हो म्हणाले. तशी वेळ येणार नाही.

४ मे
आईनं विचारलं, ह्यात हिरो कोण. ड्रम, म्हणाले. तिनं तो पुसून घेतला.

५ मे
साडेनऊला उठले. उद्यापासून सहा. रेषा कालच्याच जागी. ट्रायपॉड सरकला असावा. तपासला. सरकलेला नाही.

७ मे
रेषा तिथंच. पप्पा अर्ध्या बादलीत आंघोळ करतात. कलेचा परिणाम घरापासून सुरू होतो. तरी आईला सांगितलं, पाणी मोकळेपणानं वापरा. तिची कंबर दुखते. वयाचं असेल.

९ मे
आख्ख्या बिल्डिंगचे ड्रम तळाला गेलेत. आमचा भरलेला. फिल्मच्या दृष्टीनं वाईट.

१० मे
तळमजल्यावर सत्यभामाकाकू भेटल्या. त्यांच्याकडे बोअर आहे. म्हणाल्या, "तुमच्या हिरोला लई तहान लागती बाई." त्यांना प्रायोगिक सिनेमा कळत नाही.

११ मे
डासानं लवकर उठवलं. जिन्यात आई, कमरेवर काकूंच्या बोअरची कळशी.
"रिकामा ड्रम जगाला दाखवायचा व्हय? लोक म्हणतील, ह्यांच्या घरात थेंब नाय. तू दहाला फोटो काढती, म्हून मी आधीच भरून ठेवते."
कळशी घ्यायला गेले. तिनं दिली नाही.
ड्रम ओतून उद्या तळ घेता येईल. तांत्रिक अडचण काहीच नाही. पण ते पाणी आईनं वर आणलेलं आहे.

१२ मे
दहाची फ्रेम घेतली. काठोकाठ. सगळ्या फ्रेम एकसारख्या. फिल्म पाठवली नाही.
दुपारी तीनला नळ आला. आईनं ड्रम आडवा केला, सगळं पाणी मोरीत ओतलं. शिळं झालं म्हणाली. तळ स्वच्छ दिसत होता. तिनं हाक मारली, पाइप धर. धरला.
बिडकीनची बस उद्या सकाळी. सहाला उठायचं आहे.